पाचघरीचा नऊ गाठींचा नाडा

मी नाडा बोलतोय. पायजम्याचा नव्हे. तुमच्या ओठांवर आलेलं हसू मला इथं कडुलिंबाच्या फांदीवरूनही दिसलं, म्हणून आधीच सांगून टाकतो. मी मनगटाएवढा जाड आणि चाळीस हात लांब, नऊ घरांनी मिळून वळलेला नाडा. मला कुणी कंबरेला गुंडाळलं असतं तर त्याला उभं करायला बैलजोडी लागली असती.

गेली सहा वर्षं मात्र मी एकाच वेळी नऊ घरांत राहिलो. एका घरी माझ्यावर धोतरं वाळतात, दुसऱ्या घरी मला म्हैस बांधलीय, तिसऱ्या घरी उंदरांनी माझ्यात बाळंतपणं केलीत. हे ऐकून तुम्हाला माझं कौतुक वाटत असेल तर थांबा. मला पदरापदरानं उकलून टाकलंय. का टाकलंय, तेच सांगायला बसलोय, आणि सांगताना माझा आवाज चढला तर चढू द्या. सहा वर्षं गप्प होतो.

पाचघरी नावाचं गाव तुम्ही ऐकलं नसेल. पाचोऱ्याहून एस्टीनं थोरल्या गावाला उतरायचं आणि तिथून सव्वा कोस चालायचं. थोरल्या गावाचं नाव मी घेणार नाही. आधीच त्यांना मोठेपणा फार.

एक्याऐंशी सालापर्यंत इथं नुसती खळी होती. थोरल्या गावातल्या शेवटच्या गल्लीत पाण्याची पाळी कधी यायचीच नाही. पितांबर आणि सुगंधाबाई या नवराबायकोनं एके दिवशी कंटाळून गाडीत भांडी भरली, आपल्या खळ्यात झोपडी बांधली आणि विहिरीवर स्वतःची पाळी स्वतः लावली. पहिली चूल सुगंधाबाईची. हे ध्यानात ठेवा, पुढं लोक विसरणार आहेत.

त्यांच्या मागं पितांबरचा धाकटा भाऊ पंडित आला, मग कौतिक आबा, मग जीवराम, मग आणखी एक घर. पाच झाली तेव्हा थोरल्या गावानं कुत्सितपणानं नाव ठेवलं, पाचघरी. पुढं आठ घरं झाली, नऊ झाली, नाव तेच राहिलं. हसणाऱ्याला मोजायला सवड नसते.

माझा जन्म ब्याऐंशीच्या गुढीपाडव्याचा. विहीर खोल करताना बैल आत पडला, आणि एकाही घरी त्याला काढण्याजोगा दोर नव्हता. थोरल्या गावातून दोर मागून आणेपर्यंत बैल गेला. त्या संध्याकाळी कौतिक आबांनी ठरवलं की पाचघरीचा एक नाडा असेल आणि तो सगळ्यांचा असेल. प्रत्येक घरानं आपला वाख, म्हणजे दोरासाठीचे तंतू, आणायचा, आपल्या हातानं एक पदर वळायचा, आणि सगळे पदर मिळून एक नाडा. टोकाशी मात्र प्रत्येक पदराला ज्याची त्याची गाठ.

चौघांनी नाल्याकाठचा केकताड, म्हणजे घायपात, कापून, ठेचून, पांढरा खरबरीत वाख आणला. सुगंधाबाईनं कपाशीच्या कडेला अंबाडी पेरली होती. तिनं अंबाडी पाण्यात कुजवून सोन्यासारखा मऊ वाख काढला. त्यामुळं माझ्या अंगात चार पांढरे पदर आणि एक पिवळसर. मी त्या पिवळ्या पदराचा फार तोरा मिरवायचो. जरीचा काठ असतो ना, तसा.

दर पाडव्याला मला चौकात उकलायचे. ज्याचा पदर झिजला त्यानं नवा वाख भरायचा, प्रत्येक घरानं आपापल्या पदराचं टोक हातात धरायचं आणि आबा मधे उभे राहून पीळ द्यायचे. नवं घर आलं की नवा पदर. कायदा एकच होता. ज्याची गाठ त्याचं घर. घरपट्टी थोरल्या गावात, रेशनकार्ड थोरल्या गावात, मतदान थोरल्या गावात. पाचघरीचं म्हणून जगात जे काही होतं, ते माझ्या टोकाशी होतं.

शहाऐंशी साली नववी गाठ पडली ती युसूफ पिंजाऱ्याची. तो दर दिवाळीआधी गाद्या भरायला यायचा. एका वर्षी त्यानं बायकोला, जरीनाला, बरोबर आणलं, आणि तिला इथलं पाणी मानवलं. त्याच्या पिंजणाची तांत ही माझी दूरची बहीण लागते, म्हणून मला तो आधीपासूनच आवडायचा. पंडितनं मात्र कुरकुर केली की हे लोक नाड्यात कसे.

कौतिक आबांनी मान वर न करता विचारलं, "पंडित, हिवाळामा गादीवर निजस तवय इचारस का, कापूस कोणी पिंजा म्हनीसन?"

सगळे हसले. युसूफनं पदर वळला, आणि इतका गोल, इतका एकसारखा की आबांनी दोनदा हात फिरवला. तेव्हापासून पीळ देताना आबांच्या समोर युसूफ उभा राहायचा.

आता माझे पराक्रम. विहिरीतून मी चार बैल काढले, एक मोटर काढली आणि एक जीवराम काढला. पण सगळ्यात मोठं काम श्रावणातलं. केळीनं भरलेला ट्रक जीवरामच्या काळ्या रानात आसापर्यंत रुतला. सहा बैलजोड्या जुंपल्या, मला बांधलं आणि हाक दिली. ट्रक जागचा हलला नाही. मग काय हललं? शेत हललं. खोटं वाटत असेल तर पाचोऱ्याच्या मोजणीवाल्याला विचारा. जीवरामचा बांध नकाशावर एके ठिकाणी आहे आणि जमिनीवर दीड हात अलीकडे. तो बिचारा अजून साखळी घेऊन फिरतो.

आणि बारागाड्या. थोरल्या गावच्या यात्रेत, आखाजीच्या, म्हणजे अक्षय्य तृतीयेच्या, दुसऱ्या दिवशी, एकामागं एक बारा गाड्या बांधतात, त्यांच्यावर मावतील तेवढी माणसं चढतात आणि भगत त्या ओढतो. आमच्या गावात गाड्याच नऊ, त्यामुळं आमच्या बारागाड्या कधी व्हायच्या नाहीत. पण त्या बारा गाड्या ज्या नाड्यानं बांधायच्या, तो पाचघरीचा. हा आमचा मान. पाच वर्षं मला वाजतगाजत नेलं, हळद लावली. गाड्या सुटल्या की लोक म्हणायचे देवाची शक्ती, कुणी म्हणायचे भगताची शक्ती. नाड्याची शक्ती असं एकही शहाणा म्हणाला नाही. तोही राग माझ्या पोटात आहे, पण तो किरकोळ. खरा राग पुढं आहे.

अठ्ठ्याऐंशी साली पितांबर गेला. साप चावला, बैलगाडीनं पाचोऱ्याला नेईपर्यंत उशीर झाला. पुढच्या पाडव्याला त्याच्या पदराचं टोक सुगंधाबाईनं धरलं. पंडित म्हणाला, "बाईनं नाडा धरला तर यात्रेत गाडी उलटेल." त्या वर्षी गाडी उलटली नाही. पंडितच गाडीवरून पडला. मी काही केलं नाही, मी फक्त थोडा हिसका दिला.

मग नव्वद साल आलं. बातमी अशी की सरकार वाडीवस्तीला गावठाण देणार, घरटी एक प्लॉट, ज्याच्या त्याच्या नावावर. पाडवा आला तेव्हा सुगंधाबाई लेकीच्या बाळंतपणाला अमळनेरला गेली होती. युसूफ पाचोऱ्याला गाद्या भरत होता. कौतिक आबांच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू. मला चौकात उकललं आणि पंडित पुढं झाला. "वहिनींचं टोक मी धरतो," म्हणाला.

धरलं त्यानं. टोकाची गाठ सोडली, माझा पिवळा पदर सरळ केला, आणि आपल्या पदराच्या पोटात घालून वरून पांढरा वाख गुंडाळला. भर दुपारी, बारा माणसांच्या देखत. आबांना दिसलं नाही, ते आंधळेच झाले होते. बाकीच्यांना काय झालं होतं? जीवराम आभाळाकडे बघत होता. एक जण चप्पल शोधत होता, ती त्याच्या पायातच होती. पाहिलं सगळ्यांनी, दिसलं कुणालाच नाही. आबा पीळ देत राहिले आणि मी आतल्या आत ओरडत राहिलो. पण दोराला जितका पीळ पडतो तितका त्याचा आवाज बंद होतो. माणसांचंही तसंच असावं.

चार आठवड्यांनी साहेब आले. लिंबाखाली खाट टाकली, चहा झाला, आणि त्यांनी घरांची यादी मागितली. पुरावा काय? तेव्हा या माझ्या भोळ्या लोकांनी जे केलं ते जगात दुसरं कुणी करणार नाही. त्यांनी साहेबांच्या पुढ्यात मला आणून टाकलं.

"हे काय आहे?" साहेबांनी विचारलं.

"साहेब, आमना गावना कागद शे हाऊ," कौतिक आबा म्हणाले. "जितल्या गाठी तितला घर."

"आबा, मला खरा कागद पाहिजे. शिक्क्याचा."

"कागदले वाळवी लागस, साहेब. नाडाले नही लागत."

साहेब हसले. ऊन होतं, वेळ थोडा होता, मोजायला गाठी सोप्या होत्या. त्यांनी पेनच्या टोकानं मोजल्या आणि शाईनं लिहिलं, आठ. आबांनी बोटं फिरवून स्वतः मोजल्या. पुन्हा मोजल्या. त्यांचा चेहरा मी विसरणार नाही.

सुगंधाबाई आदल्याच दिवशी परतली होती. ती बायकांतून पुढं आली, वाकली, आणि एकेक गाठ हातात घेऊन पाहिली. जशी भाकरी उलटतात, तशी सावकाश.

"मनी गाठ कोठे शे?"

पंडितनं घसा साफ केला. "वहिनी, तुम्हनं घर आमनाच घरमा शे ना. येगळी गाठ कसाले?"

"मी गावमा पहिली चूल पेटाडी, तवय तू थोरला गावमा पाण्याना हंडा लीसन रांगेमा उभा व्हता," ती म्हणाली. मग आबांकडे वळली. "आबा, नाडा उकला."

साहेबांना निघायचं होतं, पण गंमत कुणाला नको असते? ते बसले. आबांनी मला उकललं. एक पदर, दोन पदर, सात पदर. आठवा पंडितचा. तो अजगरासारखा फुगला होता. वरचा पांढरा वाख सोडला आणि आतून माझी अंबाडी बाहेर आली, पिवळी, मऊ, जशीच्या तशी.

सुगंधाबाईनं तो वाख ओंजळीत घेतला. "अरे पंडित, चोरी करी ते करी. वाख तरी फेकी देता. तेवढाबी जीव नही वना का तुना?"

बायका खो खो हसल्या. खरंच, त्यानं तो नाल्यात टाकला असता तर पुरावा राहिला नसता. पण चांगला वाख वाया घालवणं पाचघरीच्या माणसाला जमत नाही. आणि पंडित तर दर पाडव्याला स्वतःचा वाख हात आखडूनच आणायचा. त्याचा पदर नेहमी सगळ्यांत बारीक. फुकटचा वाख पोटात घालून त्यानं पहिल्यांदा जाडी मिरवली होती.

साहेबही हसले. मग त्यांनी पेनला टोपण लावलं. "बाई, मला पटतंय. पण यादी झाली. तीन प्रती झाल्या, शाईत झाल्या. आता अर्ज करा, पुढच्या वेळी बघू."

सांगा, राग येणार नाही तर काय येईल? समोर बाई उभी, बाईचं घर उभं, घरातून धूर निघतोय. आणि शाई म्हणते, नाही.

आखाजीला तीन दिवस राहिले होते. माझे पदर चौकात उघडे पडलेले, आणि मला वळल्याशिवाय यात्रेला न्यायचं कसं? गाव सुगंधाबाईच्या दारात आलं. ती ओट्यावर बसून पदर पुन्हा वळत होती. जीवराम पुढं झाला.

"अक्का, टोक धरा ना. गावना मान जाई."

"गाव म्हणजे कितला घर, ते आधी सांग, जीवराम."

जीवराम पुन्हा आभाळाकडे बघायला लागला. त्याला आभाळात काय सापडतं कुणास ठाऊक.

"ज्या दिवशी कागदवर नऊ लिखाई, त्या दिवशी मी टोक धरसू," ती म्हणाली. "तवपर्यंत मना पदर मना घर राही."

तुझ्याशिवाय आठांचा नाडा वळू, असं कुणीतरी मागून पुटपुटलं. तेव्हा पाचोऱ्याहून परतलेला युसूफ बोलला. तो कधी बोलायचा नाही. "मंग मना पदर बी ऱ्हाऊ द्या. आठमा मी नववा कसा व्हसू?" त्यानं आपला पदर खांद्यावर टाकला आणि घरी गेला. आबा सुगंधाबाईच्या ओट्याच्या पायरीवर जाऊन बसले. झालं. ज्याचा पदर त्याच्या घरी गेला, नाडा संपला.

थोरल्या गावानं पाचोऱ्याहून निळा नायलॉनचा दोर आणला. त्यावर हळदही चढत नव्हती. गाड्या ओढल्या गेल्या, लोक ओरडले, देवाची शक्ती म्हणाले. आमचा मान गेला तो गेलाच. त्यानंतर पाचघरीत कित्येक लोक म्हणायचे, एका बाईच्या हट्टापायी गावाची अब्रू गेली. मी आढ्यावरून ऐकायचो. चोरी केली पुरुषानं, गप्प बसले बारा जण, खोटं लिहिलं शाईनं, आणि हट्टी कोण, तर सुगंधाबाई. हा हिशोब मला आजतागायत कळलेला नाही, आणि मी तर नुसताच दोर आहे.

तीन वर्षं ती पाचोऱ्याच्या कचेरीत जात राहिली. बरोबर युसूफ असायचा, कारण त्याला देवनागरी आणि बाकावर बसून राहणं दोन्ही यायचं. एका अर्जाबरोबर तिनं माझ्या पदराचा वीतभर तुकडा टाचणीनं लावून दिला होता. तो तुकडा त्या फाइलीत अजून आहे. म्हणजे मी नऊ घरांत राहिलो आणि एका सरकारी कपाटातही राहतो. माझ्यासारखा मोठा घरमालक तालुक्यात नसेल.

त्र्याण्णव साली कागद आला. शिक्क्याचा. त्यावर लिहिलं होतं, घरे नऊ. सुगंधाबाईनं तो कागद वाचून घेतला, घडी घालून डब्यात ठेवला, आणि शब्दाला जागून पाडव्याला आपला पदर घेऊन चौकात गेली. युसूफ आला. आणखी दोघं आले. बाकीचे आले नाहीत. पीळ द्यायला आबा नव्हते, ते आदल्या वर्षी गेले. पंडितनं दार उघडलंच नाही. चौघं तासभर उभे राहिले, मग आपापले पदर खांद्यावर टाकून परत गेले. कागदावर गाव नऊ घरांचं झालं, आणि चौकात ते चार घरांचंही उरलं नव्हतं.

म्हणून मी अजून रागावलेला आहे.

पण यंदाचं एक सांगतो आणि थांबतो. यंदा, शहाण्णवच्या आखाजीला, पंडितची लेक लता लग्नानंतर पहिल्यांदा माहेरी आली. आखाजीला माहेरवाशिणीला झोका बांधून द्यायचा, हे बापाचं काम. ज्याच्या लेकीला झोका नाही, त्यानं गावात तोंड दाखवू नये. पंडितनं लिंबाला निळं नायलॉन बांधलं. लता बसली, दोन झोके घेतले, गाठ घसरली आणि ती धपकन खाली. तळहात कापले गेले. ती रडली नाही, हसली, आणि बापाला म्हणाली, "दादा, मोठी मायना घरना दोर लई या. मी तेवरच झोका खेळेल शे." खरंच आहे. ती सुगंधाबाईच्या मांडीवर वाढलेली.

पंडितनं आढ्यावरचा आपला पदर काढला. चोरीचा वाख गेल्यावर तो सुतळीएवढाच उरला होता. त्या एकट्याला पोरीचं वजन पेलणार नव्हतं. सहा वर्षांनी तो सुगंधाबाईच्या ओट्यापाशी येऊन उभा राहिला. पदर हातात, मान खाली.

"वहिनी, लतासाठी जोड लागस. थोडा तुम्हना पदर..."

सुगंधाबाई अंबाडीची भाजी निवडत होती. तिनं वर पाहिलं नाही. "पाचघरीमा कितला घर शेतस, पंडित?"

त्यानं पदराचं टोक बोटाला गुंडाळलं. मग पुटपुटला, "नऊ."

"लिंबवरला कावळाले ऐकू नही गया."

"नऊ, वहिनी," तो म्हणाला. लिंबाखाली बसलेला जीवराम दचकून आभाळाकडून खाली बघायला लागला. तेवढं तरी झालं.

तिनं मला खाली काढलं. एक टोक त्याच्या हातात दिलं, दुसरं स्वतः धरलं, आणि युसूफला हाक मारली. त्यानं मधे उभं राहून दोन पदरांना पीळ दिला, आबा द्यायचे तसाच. टोकाशी दोन गाठी मारल्या, एक पांढरी, एक पिवळी. पिवळी तिनं स्वतः मारली, आणि ओढून पाहिली. दोनदा.

सध्या मी लिंबावर आहे. लता सासरी गेली, तरी मला कुणी उतरवलेलं नाही. इथून मला जीवरामचं घर दिसतं, तिथं माझ्यावर धोतरं वाळताहेत. पलीकडच्या घरी म्हैस मला चावतेय. दोन पदर वळले गेलेत, सात बाकी आहेत. ज्यांच्या घरी ते आहेत त्यांना एकच सांगणं आहे. धोतरं दुसरीकडे वाळवा, म्हशीला साखळी आणा, उंदरांना हाकला. आणि पुढच्या पाडव्याला चौकात येताना पायातली चप्पल शोधत बसू नका.